मागच्या दारचा पेरू

आमच्या मागच्या दाराशी असलेलं पेरूचं झाड कुणी मुद्दाम लावलेलं नाही. मोरीचं पाणी जिथे बाहेर पडतं, तिथे ते आपोआप उगवलं. कुणीतरी पेरू खाऊन बिया टाकल्या असतील किंवा पाखरांनी आणल्या असतील. लग्न होऊन मी खोताच्या वाडीतल्या या घरात आले तेव्हा ते माझ्या कमरेइतकं होतं, आणि सासूबाई रोज उरलेलं ताक त्याच्या बुंध्याशी ओतायच्या. घर लाकडी आहे. वरच्या मजल्यावर दुसरं बिऱ्हाड, खाली आमच्या दोन खोल्या, आणि मागे जेमतेम एक खाट टाकता येईल एवढी मोकळी जागा. तेवढ्या जागेत झाडाने स्वतःचं बस्तान बसवलं आणि मग आम्ही त्याच्या कलाने कपड्यांच्या दोऱ्या बांधायला लागलो.

घरात मी नवऱ्याला ‘अहो’ म्हणते, त्यामुळे लिहितानाही ‘तो’ असं हातून उतरत नाही. ते दादरला साड्यांच्या दुकानात सेल्समन होते. गादीवर मांडी घालून दिवसभर साड्या उलगडायच्या, पदर खांद्यावर टाकून दाखवायचा आणि बोलत राहायचं. त्यांचं बोलणं ऐकून बायका एक घ्यायला यायच्या आणि तीन घेऊन जायच्या. मी त्याच दुकानातल्या साड्यांना घरी फॉल-पिको करत असे, आमचं लग्नही त्याच ओळखीतून जमलं. लग्नाआधी मला वाटायचं, या माणसाबरोबर संसार म्हणजे घरात सतत गप्पा असणार. प्रत्यक्षात संध्याकाळी घरी आले की ते गप्प. चहा घेऊन मागच्या दाराशी स्टुलावर बसायचे आणि झाडाकडे बघायचे. सुरुवातीला मला राग यायचा. नंतर लक्षात आलं की दिवसभराचा शब्दांचा साठा त्यांनी दुकानातच संपवलेला असतो. मग मीही शिवणाचं मशीन मागच्या दाराजवळ ओढून घेतलं.

झाडाचं सगळं तेच बघायचे. आमचे पेरू आतून गुलाबी. पावसाळ्यातला बहार बहुतेक वाया जातो. फळमाशी बसते आणि कापलं की आत अळ्या वळवळताना दिसतात. खरी फळं थंडीची. त्यासाठी उन्हाळ्यात ते पाणी तोडायचे, फांद्यांची टोकं छाटायचे. मोरीचं पाणी वळवायला त्यांनी पत्र्याची एक पन्हळ केली होती. मला वाईट वाटायचं. ऐन मे महिन्यात झाड मलूल होऊन पानं टाकायचं आणि हे शांतपणे बघत बसायचे. ‘थोडं तहानलं तरच फळाचं मनावर घेतं,’ एवढंच म्हणायचे.

फळं लिंबाएवढी झाली की त्यांना पिशव्या बांधायच्या. दुकानात साड्यांतून कापलेल्या ब्लाउजपीसचे, फॉलचे तुकडे उरत. हे ते घरी आणायचे आणि मी त्यांच्या नाडीवाल्या छोट्या पिशव्या शिवून द्यायची. माशी, वटवाघूळ, पोपट, सगळ्यांवर एकच उपाय. दिवाळीच्या सुमाराला झाड असं दिसायचं की वाडीतून जाणारी माणसं थांबून बघत. जांभळी पिशवी, जरीची पिशवी, ठिपक्यांची पिशवी. वरच्या मजल्यावरच्या वहिनी म्हणायच्या, ‘भावजींनी झाडाला साड्या नेसवल्या.’

पेरू टिकत नाही, हा त्याचा मोठा दोष. एकदम पिकतात, आणि पिकले की दोन-तीन दिवसांत पिवळे, मऊ, मग काळे. फ्रीजमध्ये ठेवले तर दूध, लोणी, अगदी डोशाच्या पिठालाही पेरूचा वास. ह्यांची पद्धत अशी की फळाचा हिरवा रंग जरा फिका पडला की देठ आणि एखादं पान ठेवून काढायचं, मलमलच्या तुकड्यात गुंडाळायचं आणि खाटेखाली वेताच्या टोपलीत ठेवायचं. रोज टोपली ओढून अंगठ्याने दाबून बघायचे. रेशीम खरं की खोटं ते अंगठ्यानेच सांगणारा माणूस, पेरूचंही तेच. तरी खाऊन संपायचे त्याहून जास्त पिकायचे. वाडीत वाटायचे, कोशिंबीर करायची, लेकीच्या डब्यात घालायचे. आणि मोठा वाटा जायचा शेजारच्या आंटींकडे.

आंटी ईस्ट इंडियन, म्हणजे मूळच्या मुंबईच्याच ख्रिस्ती. आमच्या मागच्या जागेला लागूनच त्यांचा ओटा आहे, मध्ये फक्त गुडघ्याएवढी भिंत. त्या एका शाळेत टायपिस्ट होत्या. निवृत्त झाल्यावर नाताळच्या फराळाच्या ऑर्डरी घ्यायला लागल्या. कुलकुल, मार्झिपान, आणि सगळ्यात जास्त मागणी ग्वावा चीजला. त्यात चीज काही नसतं. पेरूचा गर आणि साखर आटवून केलेल्या विटकरी रंगाच्या वड्या त्या. दर वर्षी हे आंटींना टोपलीभर पेरू द्यायचे आणि नाताळच्या दिवशी सकाळी आमच्याकडे लेसच्या रुमालाने झाकलेलं ताट यायचं. त्या व्यवहारात दोन्हीकडून दोन-चार वाक्यांपेक्षा जास्त बोलणं मी कधी ऐकलं नाही.

ज्या वर्षाबद्दल मला सांगायचं आहे, त्या वर्षी हे दुकानातून नुकतेच निवृत्त झाले होते. गणपती होऊन गेले होते. सकाळची वेळ, हे स्टुलावर उभे राहून पिशव्या बांधत होते आणि मी आत कणीक मळत होते. काहीतरी पडल्याचा आवाज झाला म्हणून बघितलं तर पिशव्यांचा डबा उपडा झालेला आणि हे स्टुलावरून उतरून दाराच्या चौकटीला धरून उभे. उजवा हात लोंबत होता.

‘काय झालं?’ मी विचारलं.

‘उद्या,’ ते म्हणाले.

‘उद्या काय?’

‘उद्या. उद्या उद्या.’

तोंड एका बाजूला ओढलं गेलं होतं. भिंतीपलीकडून आंटींनी ते बघितलं. ‘बाय, टॅक्सी आण. लवकर,’ म्हणत त्या घरातल्या गाऊनवरच भिंत ओलांडून आल्या आणि त्यांनी ह्यांना खाली बसवलं. परळच्या हॉस्पिटलपर्यंत टॅक्सीत त्यांनी ह्यांचं डोकं स्वतःच्या खांद्यावर धरून ठेवलं होतं. वाटेत हे प्रत्येक सिग्नलला तेच एक म्हणत होते.

जीव वाचला. पायात बळ परत आलं, काठी घेऊन चालता यायला लागलं. उजवा हात अर्धवट आला. बोलणं मात्र आलं नाही. आलं ते ‘उद्या’ एवढंच. पाणी हवं, उद्या. पंखा बंद कर, उद्या. लेक परळच्या ऑफिसातून सुटून वॉर्डात यायची, तर तिच्याकडे बघून डोळ्यांत पाणी आणि ‘उद्या.’ तिथे बोलण्याचे व्यायाम शिकवणारी एक तरुण मुलगी होती. तिने मला बाजूला घेऊन समजावलं. ‘काकू, काकांना सगळं कळतं. काय बोलायचंय तेही त्यांना माहितीय. पण तोंडातून येताना तो एकच शब्द येतो. काही पेशंटचं असं होतं. कुणाला एखादी शिवीच अडकून बसते, तुम्ही तसं बघायला गेलं तर सुखी आहात.’

मी हसले. मग जिन्यात जाऊन रडले.

घरी आणल्यावर रोज आम्ही चित्रांची कार्डं घेऊन बसायचो. कप, घड्याळ, मासा. ते ओठ जुळवायचे, मान हलवायचे, कपाळावर घाम यायचा आणि शेवटी ‘उद्या’च यायचं. मग कार्ड हातातून ढकलून द्यायचे. मला कळायचं नाही की आणखी आग्रह करावा की थांबावं. इतकी वर्षं हे घरात गप्पच असायचे, मग आता मला एवढं काय कमी पडत होतं, असा प्रश्न मी स्वतःला विचारायचे. उत्तर हळूहळू कळलं. पूर्वी ते बोलत नसत तेव्हा ती त्यांची मर्जी होती. त्या गप्प बसण्याशेजारी मी आरामात मशीन चालवू शकायची. आता ते शेजारी बसलेले असले की मशीनचं पायडल मारवत नव्हतं.

झाडाकडे कुणाचं लक्ष नव्हतं. निम्म्या फळांना त्यांनी पिशव्या बांधल्या होत्या, निम्मी तशीच होती. उघडी फळं पोपटांनी कुरतडली, वटवाघळांनी अर्धी खाऊन खाली टाकली. मागच्या दारी सडलेल्या पेरूंचा आंबूस वास यायचा. मी ते झाडून कचऱ्यात भरायची आणि दार लावून घ्यायची. 

थंडी पडायला लागल्यावर एका दुपारी आंटी भिंतीशी आल्या. त्या दिवशी ऊन चांगलं होतं म्हणून मी ह्यांना मागे खुर्चीत बसवलं होतं.

‘यंदा पेरू नाय काय?’ आंटींनी विचारलं.

‘कोण काढणार आंटी? आणि कधी काढायचे ते मला कुठे कळतंय?’

‘राहू दे मग. मार्केटमधून आणते. पण ते आतून सफेद, कलर येत नाय.’

आमचं बोलणं चालू असताना हे काठी टेकून उठले. मी पुढे झाले, तर डाव्या हाताने मला थांबवलं. झाडाखाली गेले आणि हाताशी आलेली एक जांभळी पिशवी वरूनच अंगठ्याने दाबली. मग आमच्याकडे वळून म्हणाले, ‘उद्या.’

‘हो, हो, उद्या,’ मी म्हटलं. अलीकडे मी असंच करायला लागले होते, त्यांचा शब्द त्यांना परत द्यायची.

दुसऱ्या दिवशी दुपारी मागचं दार वाजलं. बघते तर हे झाडाखाली, एका हाताने नाडी सोडवायची खटपट चाललेली. मी सोडवून दिली. त्यांनी देठ ठेवून फळ तोडलं आणि माझ्या हातात ठेवलं. फिकट पोपटी, जरासं नरम, जसं हवं तसं. मी ते हातात घेऊन तशीच उभी राहिले. काल ते ‘उद्या’ म्हणाले होते, आणि त्यांना उद्याच म्हणायचं होतं.

मी घाईने दुसऱ्या पिशवीला हात लावला. ‘हे?’

त्यांनी दाबून बघितलं. ‘उद्या.’

‘आणि हे ठिपक्यांचं?’

ते थांबले. मान हलवली. बराच वेळ ओठ हलत होते. मग बोट एकदा पुढे केलं, पुन्हा एकदा पुढे केलं आणि म्हणाले, ‘उद्या… उद्या.’

‘परवा?’

त्यांनी जोरात मान डोलावली, आणि त्या आजारपणानंतर पहिल्यांदा मी त्यांना नीट हसताना बघितलं. मला आत जाऊन कुणाला तरी सांगायचं होतं, पण घरात कुणी नव्हतं. मग मी भिंतीपलीकडे हाक मारली. आंटी हाताचं पीठ पुसत आल्या आणि त्यांना मी सगळं दोनदा सांगितलं.

त्यानंतरचे दिवस असे की सकाळी मी एकेका फळाखाली उभी राहायची आणि हे निकाल द्यायचे. उंचावरची फळं लेक रविवारी झेल्याने काढायची. बांबूच्या टोकाला जाळी बांधलेला आमचा झेला जुनाच होता. हे खालून काठीने दाखवायचे, ती फळ ओढायची, आणि जाळीत धप्प झालं की दोघं एकमेकांकडे बघायचे. खाटेखालची टोपली पुन्हा भरायला लागली.

टोपली भरली तरी प्रश्न सुटला नव्हता. आंटींच्या बोटांचे सांधे त्या वर्षी फार सुजले होते. ग्वावा चीजमधलं मुख्य काम म्हणजे ढवळणं. गर, साखर, लिंबू टोपात पडलं की तिथून हलायचं नाही, खाली लागलं की सगळं फुकट. त्यांनी भिंतीशी उभं राहून सरळच सांगितलं, ‘मी सांगते, तुम्ही करा. माझ्याने चमचा फिरवायला होणार नाय.’

म्हणून तो सोहळा आमच्या स्वयंपाकघरात झाला. आंटी त्यांचा जाड बुडाचा टोप आणि लांब दांड्याचा लाकडी चमचा घेऊन आल्या. मी पेरू उकडले, चाळणीवर घासून बिया वेगळ्या काढल्या. गुलाबी गर साखरेबरोबर शिजायला लागला तसा घरभर वास भरला. थोड्याच वेळात गर उडायला लागला; माझ्या मनगटावर दोन चटके बसले. हे दारात उभे राहून बघत होते. आत आले, माझ्या हातातून चमचा घेतला, स्टूल ओढून बसले आणि डाव्या हाताने ढवळायला लागले. हात भरून आला की थांबायचे नाहीत, नुसता वेग कमी करायचे. आंटी टोपात डोकावून म्हणायच्या, ‘अजून नाय. साइड सोडू दे त्याला.’ रंग गुलाबीचा लाल झाला, लालचा विटकरी झाला. शेवटी गोळा टोपाच्या कडा सोडून चमच्याबरोबर फिरायला लागला. लोणी लावलेल्या ताटांत आम्ही तो थापला आणि वर जाळी झाकून ठेवली.

वड्या पडल्या त्या दुपारी आंटी दुसऱ्या घाण्यासाठी पेरू निवडायला आल्या होत्या. हे खाटेवर, टोपली पुढ्यात. आंटी एकेक फळ उचलून संशयाने बघत होत्या. ह्यांनी टोपलीतून एक छानसा पेरू काढला, मलमल बाजूला केली, आंटींच्या तळहातावर ठेवला आणि एका दमात म्हणाले,

‘हात लावून बघा ताई. रंग जाणार नाही.’

दुकानातलं वाक्य, आयुष्यभर रोज म्हटलेलं, शब्दाला शब्द धरून जसंच्या तसं आलं होतं. मग आंटी हसायला लागल्या. ‘गॅरंटी ना?’ त्यांनी विचारलं. हे हसले, आणि हसता हसता त्यांना रडू फुटलं. मी खाटेवर त्यांच्याजवळ बसले. पुन्हा म्हणून दाखवा, असं मला म्हणायचं होतं, पण म्हटलं नाही. आंटींनी तो पेरू पदार्थासाठी घेतला नाही. पुसून तिथेच खाल्ला.

हॉस्पिटलातल्या त्या बोलण्याचे व्यायाम शिकवणाऱ्या मुलीला मी हे सांगितलं तेव्हा तिने हातातलं पेन खाली ठेवलं. म्हणाली, ‘कार्डं बंद करा काकू. घरी साड्या आहेत ना?’ तेव्हापासून आम्ही साड्या घेऊन बसलो. मी गिऱ्हाईक व्हायची. माझी लग्नातली पैठणी, सासूबाईंची इरकल, लेकीच्या कॉटनच्या साड्या, सगळ्या कपाटातून बाहेर आल्या. मी विचारायची, ‘अहो, यात दुसरा रंग आहे का?’ काही दिवस नुसतं ‘उद्या’ यायचं. मग एकदा ‘आहे’ आलं. मग ‘दाखवतो’. वाक्याचा धागा दुकानाचा असला की शब्द येत, तो सोडून घरातलं काही बोलायला गेलं की अडत. चहा हवा असेल तर ते ‘चहा दाखवा’ म्हणायचे. आम्ही चहा दाखवायचो.

त्या वर्षीच्या वड्या बटरपेपरमध्ये गुंडाळून पत्र्याच्या डब्यात ठेवल्या होत्या, त्या होळीपर्यंत टिकल्या. नंतरच्या थंडीत पिशव्या मी आणि लेकीने बांधल्या, आणि फळं ह्यांनी काढली. आता त्यांना ‘परवा’ म्हणता येत होतं. ‘कच्चा’ म्हणता येत होतं. खूप दमले की अजूनही सगळ्यालाच ‘उद्या’ होतं आणि आम्ही ते समजून घेतो. आंटींनी टोप परत न्यायचा राहू दिला. मी आठवण केली तर म्हणाल्या, ‘तुमच्याकडेच बरा आहे. माझ्याकडे काय, नुसता घासून ठेवायचा.’ ऑर्डरी त्या अजून घेतात. ढवळायला इकडे येतात. म्हणजे खुर्चीवर बसून चूक काढायला येतात.

पूर्वीचं सगळं परत आलं असं मी म्हणणार नाही. फोनवर ते कुणाशी बोलत नाहीत. लग्नाकार्यात लोक त्यांच्याशी मोठ्या आवाजात, लहान मुलाशी बोलावं तसं बोलतात, आणि ते उठून बाहेर जाऊन उभे राहतात. पण संध्याकाळी आम्ही दोघं मागच्या दाराशी बसतो तेव्हा मी पुन्हा मशीन चालवू शकते.

यंदाच्या मे महिन्यात एक गोष्ट घडली. झाडाची एक जाड फांदी मागच्या दारावर काढलेल्या आमच्या छोट्या पडवीच्या कौलांवर टेकली होती. वारा आला की कौलं सरकायची. मी छाटणीची कात्री ठेवून दिली आणि करवत काढली.

‘ही काढून टाकूया,’ मी म्हटलं.

‘नको,’ ते म्हणाले.

‘अहो, कौलं फुटतील. पाऊस आला की सगळं पाणी माझ्या मशीनवर.’

‘नको. यंदा… यंदा फळ हीच देणार.’

‘फळं काय, बाकीच्या फांद्याही देतात.’

‘तुला कळत नाही,’ ते म्हणाले. स्पष्ट, प्रत्येक अक्षर जागेवर, आणि वर आवाजही चढलेला.

मला खरंच राग आला. इतक्या महिन्यांत मी त्यांच्याशी सांभाळून, थांबून, हळू बोलत आले होते. त्या दिवशी विसरले. झाडापेक्षा तुम्हाला घराचं काही नाही, असं मी म्हटलं, आणखीही बरंच म्हटलं. त्यांनीही उत्तरं दिली. निम्मी अडकली, निम्मी आली. वरच्या वहिनी गॅलरीतून वाकून बघायला लागल्या. भिंतीपलीकडे आंटी भांडी घासायची थांबल्या होत्या. शेवटी मी करवत आपटून आत गेले आणि दोघांचा चहा केला. तो आम्ही एकमेकांकडे न बघता प्यायलो.

फांदी अजून तिथेच आहे. मशीन मी पावसाळ्यापुरतं आतल्या खोलीत हलवलं आहे, आणि कौलांना ताडपत्री बांधायला माणूस सांगितला आहे.